मायकेल रिपरची वेळनोंद: कामाची वही

११ जानेवारी

मायकेल रिपर हा इंग्लिश चरित्र अभिनेता. जन्म २७ जानेवारी १९१३, पोर्टस्मथ. मृत्यू २८ जून २०००. भयपटांसाठी ओळखल्या जाणाऱ्या हॅमर फिल्म्स या ब्रिटिश कंपनीच्या चित्रपटांत त्याच्याइतक्या वेळा कोणीच दिसलेलं नाही. हा आकडा ३०च्या वर जातो. पीटर कुशिंग आणि ख्रिस्टोफर ली ही हॅमरची दोन मोठी नावं, पण तेही याच्या मागे आहेत. तरी पोस्टरवर त्याचं नाव शोधायला भिंग लागतं.

त्याच्याबद्दल जिथे काही वाचायला मिळतं तिथे एकच ओळ असते: हॅमरचा कायमचा खानावळवाला. ही ओळ कितपत खरी आहे हे मला पडताळून पाहायचं आहे. त्यासाठी त्याच्या प्रत्येक हॅमर भूमिकेची वेळनोंद करायची ठरवली आहे. तो पडद्यावर कधी येतो, कधी जातो, समोर कोण असतं, जागा कोणती, काम कोणतं, हे सगळं एका तक्त्यात उतरवायचं. कोणी वसंत शिंद्यांसारख्या आपल्याकडच्या चरित्र अभिनेत्याचं असंच काम करायला घेतलं तर त्याला रस्ता तयार मिळावा, म्हणून ही वही.

साहित्य: लॅपटॉप, बाहेरून जोडायचा डीव्हीडी ड्राइव्ह, व्हीएलसी प्लेअर, लिबरऑफिसचा तक्ता. मी लंडनजवळ स्लाऊला राहतो. इथल्या धर्मादाय दुकानांत जुन्या डीव्हीडी एक-दोन पौंडांना मिळतात. हॅमरच्या ब्लू-रे मात्र महाग, चांगल्या प्रतीला दहा-पंधरा पौंड मोजावे लागतात.

१४ जानेवारी

पहिली यादी इंटरनेटवरच्या चित्रपट-सूचीवरून बनवली. दोन दिवस गेले आणि यादी बाजूला ठेवली. अशा याद्यांत श्रेयनामावलीतल्या भूमिका आणि बिननावाच्या भूमिका एकाच रांगेत असतात, आणि बिननावाच्या भूमिकेला पुरावा काय ते कुठेच दिलेलं नसतं. कुणीतरी कधीतरी गर्दीत एक चेहरा ओळखला असेल, तेवढ्यावर नोंद पडते.

आता उलटीकडून सुरुवात. चित्रपटाच्या स्वतःच्या श्रेयनामावलीत नाव असेल तरच भूमिका तक्त्यात. बाकीच्या वेगळ्या पानावर, ‘खात्री’ या रकान्यासह.

लंडनमध्ये साउथबँकला ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटचं रूबेन ग्रंथालय आहे. प्रवेश मोफत आहे. तिथे ‘मंथली फिल्म बुलेटिन’चे जुने अंक चाळता येतात. हे मासिक १९३४ ते १९९१ या काळात निघालं आणि दर परीक्षणाच्या डोक्यावर कलाकार-तंत्रज्ञांची यादी द्यायचं. श्रेयनामावली पडताळायला याहून सोयीची जागा मला सापडलेली नाही. तिथे एका शनिवारी जे काम होतं ते घरी बसून आठवड्यात होत नाही.

१९ जानेवारी

हॅमरच्या आधीचं आयुष्य थोडक्यात नोंदवून ठेवतो. नाहीतर पुढची नोंद अधांतरी राहील.

१९२७ च्या कायद्याने ब्रिटनमधल्या थिएटरांना ठरावीक प्रमाणात ब्रिटिश चित्रपट दाखवणं भाग पडलं. तो कोटा भरायला झटपट, स्वस्तातले चित्रपट निघू लागले. रिपर त्याच कारखान्यात १९३०च्या दशकात घडला. जोडीला नाटकं होतीच. मग १९५२ मध्ये त्याच्या थायरॉइडची शस्त्रक्रिया झाली. त्यानंतर रंगमंचावरून शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोहोचेना, आणि नाटक सुटलं. राहिला कॅमेरा. कॅमेऱ्यासमोर आवाज फेकावा लागत नाही. चाळिशीच्या उंबरठ्यावर अर्धा धंदा बंद झालेला हा माणूस पुढची वीस वर्षं हॅमरच्या सेटवर कायम हजर दिसतो. माझ्या दृष्टीने त्याच्या कारकिर्दीचा सांधा तिथे आहे.

लॉरेन्स ऑलिव्हिएच्या १९५५ च्या ‘रिचर्ड द थर्ड’मध्ये क्लॅरन्सला मारायला जे दोन मारेकरी येतात, त्यांतला दुसरा रिपर. पहिला मायकेल गॉफ आणि क्लॅरन्स म्हणजे जॉन गिलगुड. शेक्सपिअरच्या या दोन मारेकऱ्यांपैकी ज्याचं मन आयत्या वेळी कच खातं, तो दुसराच. हॅमरच्या बाहेरची असली तरी ही नोंद तक्त्याच्या डोक्यावर ठेवली आहे. घाबरलेला पण दुष्ट नसलेला साधा माणूस, हा पुढे त्याचा हातखंडा झाला.

२६ जानेवारी

आज सगळं अडलं. कारण समजायला संध्याकाळ झाली, म्हणून सविस्तर लिहितो.

‘द रेप्टाइल’ (१९६६) आधी डीव्हीडीवर पाहून नोंदवला होता. आज एका मित्राची ब्लू-रे मिळाली. त्याच दृश्यांच्या वेळा जुळेनात. सुरुवातीला फरक काही सेकंदांचा, आणि शेवटी शेवटी तीन-साडेतीन मिनिटांचा. आधी वाटलं, ब्लू-रेत जास्तीची दृश्यं आहेत. तसं नव्हतं. दोन्ही प्रती शेजारी लावून कट-ला-कट पाहिलं तर चित्रपट तोच होता.

खरं कारण वेग. चित्रपट सेकंदाला २४ चौकटींनी (फ्रेमनी) चित्रित होतो. ब्रिटनची पाल या टीव्ही पद्धतीची डीव्हीडी २५ ने चालते. म्हणजे तिच्यावर अख्खा चित्रपट चार टक्क्यांनी पळतो. ९० मिनिटांचा चित्रपट ८६ मिनिटं २४ सेकंदांत संपतो. भारतातल्या जुन्या डीव्हीडीही पालच्या आहेत, त्यामुळे तिथे काम करणाऱ्यालाही हाच खड्डा लागणार.

उपाय: डीव्हीडीवरची वेळ गुणिले २५ भागिले २४. डीव्हीडीवर १ तास ०० मिनिटं असेल तर खरी वेळ १ तास २ मिनिटं ३० सेकंद. यातही एक मेख आहे. काही ब्लू-रे २४ ने चालतात, काही २३.९७६ ने. दुसऱ्या प्रकारात तोच क्षण १ तास २ मिनिटं ३४ सेकंदांच्या आसपास येतो. तासाला जवळपास चार सेकंदांचा फरक. रिपर कधी कधी काही क्षणांपुरताच येतो, तेव्हा चार सेकंद सोडून चालत नाही. व्हीएलसीत ‘कोडेक माहिती’ उघडली की चौकटींचा वेग दिसतो. तो प्रत्येक नोंदीसमोर लिहायचा.

दुसरी गोष्ट म्हणजे शून्य कुठे धरायचं. प्रत्येक प्रतीच्या सुरुवातीला वितरकांची वेगवेगळी बोधचिन्हं असतात. त्यामुळे चित्रपटाचं नाव पडद्यावर उमटतं ती पहिली चौकट म्हणजे शून्य. व्हीएलसीत ‘ई’ दाबलं की एकेक चौकट पुढे सरकते, त्याने ही जागा नेमकी सापडते.

आधीच्या सगळ्या नोंदी पुन्हा केल्या. तीन रविवारचं काम धुऊन निघालं.

२८ जानेवारी

कालपासून एक गोष्ट डोक्यात घोळत होती, आज ती कानाने पडताळली. डीव्हीडी चार टक्क्यांनी पळते तेव्हा आवाजही चढतो. किती? सा आणि कोमल रे यांच्यात जेवढं अंतर आहे, त्याच्या दोन-तृतीयांशाहून थोडा जास्त. काही कंपन्या आवाज पुन्हा खाली आणून देतात, बऱ्याच देत नाहीत.

इतर कोणाबाबतीत मी हे सोडून दिलं असतं. पण रिपरचा आवाज शस्त्रक्रियेनंतरचा आहे: थोडा दबका, थोडा खरखरीत, वाक्याच्या शेवटी हवा संपत आल्यासारखा. डीव्हीडीवर तोच आवाज कुरकुरा, चिरका वाटतो. इतकी वर्षं मला वाटायचं की हा मुद्दाम चिडखोर म्हाताऱ्याचा आवाज काढतो. ब्लू-रेवर तेच वाक्य ऐकलं आणि माणूसच बदलला. चिडचिड गेली, थकवा आणि सावधपणा राहिला. ‘द रेप्टाइल’मधलं मद्यगृहाचं दृश्य पाहा. हॅरी स्पॉल्डिंग (रे बॅरेट) मेलेल्या भावाच्या गावात येतो, मद्यगृहात शिरतो आणि गिऱ्हाइकं एकामागून एक उठून निघून जातात. मागे उरतो एकटा मालक टॉम बेली, म्हणजे रिपर. गावाला परका माणूस नको आहे, हे तो पाहुण्याला सांगतो. चिरक्या आवाजात ती हुसकावणी वाटते. मूळ आवाजात ती काळजी आहे. आणि पुढे अख्ख्या गावात हॅरीच्या बाजूने उभा राहणारा माणूस टॉमच ठरतो, तेव्हा काळजी हाच अर्थ बरोबर.

नियम: आवाजाबद्दल काहीही लिहायचं असेल तर २४ च्या प्रतीवर ऐकूनच लिहायचं. २५ चीच प्रत हाती असेल तर व्हीएलसीत वेग ०.९६ करून ऐकता येतं, पण व्हीएलसी स्वतःहून स्वर सांभाळतं, म्हणजे आवाज चढलेलाच राहतो. ऑडिओच्या पर्यायांत जाऊन ती सोय बंद करावी लागते. मग स्वर खाली उतरतो.

४ फेब्रुवारी

ऑनलाइन मागवलेल्या दोन ब्लू-रे आल्या. दोन्ही अमेरिकन प्रती, विभाग ‘ए’. इथल्या प्लेअरवर चालत नाहीत, इथला विभाग ‘बी’. विक्रेत्याने विभाग लिहिला नव्हता. पैसे परत मिळाले, टपालखर्च गेला, वर दीड आठवडा. भारतात बसून हे करणाऱ्याने लक्षात ठेवावं: तिथला डीव्हीडी विभाग ५ आणि ब्लू-रे विभाग ‘सी’. इंग्लंडमधून डिस्क मागवण्याआधी आपला प्लेअर सर्व विभागांचा आहे का ते पाहा.

९ फेब्रुवारी

भाचीला प्रोग्रामिंग येतं. तिने चेहरे ओळखणारी एक मोफत प्रणाली बसवून दिली. रिपरचे काही फोटो शिकवायचे, चित्रपट सोडायचा, आणि तो दिसेल तिथली वेळ आपोआप मिळायची. कल्पना उत्तम होती.

निकाल निरुपयोगी आला. तिचा फोन आला, “मामा, या माणसाच्या डोक्यावर प्रत्येक चित्रपटात नवी टोपी आहे, आणि अर्धा वेळ तो अंधारात उभा आहे.” नेमकं निदान. गाडीवान, शिकारचोर, पोलीस, समुद्री चाचा: टोपी, गलमिशा, कंदिलाचा एका बाजूचा उजेड. ‘द ममीज श्राउड’ (१९६७) मध्ये चष्मा घातलेला लाँगबॅरो मात्र प्रणालीने झटकन ओळखला, कारण तिथे तो हॉटेलच्या उजेड असलेल्या खोल्यांत वावरतो.

वेळ गेला तो गेला, पण एक उपयोग झाला. ज्या चित्रपटात प्रणाली हमखास चुकते, तिथे डोळ्यांनी दोनदा पाहायचं हे ठरलं.

१५ फेब्रुवारी

जमलेली पद्धत ही: आधी उपशीर्षकं बाहेर काढायची. डीव्हीडीवरची उपशीर्षकं अक्षरं नसून चित्रं असतात. ‘सबटायटल एडिट’ नावाचं मोफत सॉफ्टवेअर ती चित्रं वाचून वेळेसकट मजकूर देतं. इंग्रजी मोठा आय आणि छोटा एल यांची गल्लत करतं, तेवढं हाताने सुधारावं लागतं. मग मजकुरात रिपरची वाक्यं खुणावायची. त्याचं पहिलं आणि शेवटचं वाक्य मिळालं की दृश्य सापडतं. नंतर त्या दृश्याच्या मागेपुढे चौकट-चौकट सरकून तो प्रत्यक्ष कधी दिसू लागतो आणि कधी दिसेनासा होतो ते टिपायचं.

मोजायचं काय, यावर बराच खल केला. पाठमोरा असेल तर? फक्त आवाज येत असेल तर? शेवटी दोन रकाने केले: ‘चेहरा दिसतो’ आणि ‘दृश्यात आहे’. दुसरा रकाना जास्त बोलका निघाला. रिपरचं बरंचसं काम दुसऱ्याचं बोलणं ऐकण्याचं आहे, आणि कॅमेरा तेव्हा बोलणाऱ्यावर असतो.

२३ फेब्रुवारी

डॉर्नीच्या बाजूने टेम्सकाठची पायवाट धरली आणि नदीपलीकडे उभ्या असलेल्या दोन इमारती पाहून आलो. एक डाउन प्लेस. हॅमरने १९५१ मध्ये इथे बस्तान बसवलं आणि तिचाच ब्रे स्टुडिओ झाला. तिच्या शेजारी ओकली कोर्ट, टोकदार छपरांचं व्हिक्टोरियन घर, आता हॉटेल. ‘द रेप्टाइल’मधलं डॉ. फ्रँकलिनचं घर ते हेच. काठावरून दोन्ही एका नजरेत मावतात. ‘स्थळ’ या रकान्यासाठी ही फेरी गरजेची होती: कॉर्नवॉलचं माळरान म्हणून जे दाखवतात, त्यातलं घर स्टुडिओच्या कुंपणाला लागून आहे.

हे एकदा पाहिलं की रिपर हॅमरला इतका का लागायचा ते कळतं. जागा छोटी, पैसे थोडे, वेळ त्याहून थोडा. १९६५ मध्ये ‘द प्लेग ऑफ द झॉम्बीज’ आणि ‘द रेप्टाइल’ हे दोन चित्रपट जॉन गिलिंगने लागोपाठ काढले, गावाचा सेट तोच वापरून. रंगरंगोटी बदलायची, पाट्या बदलायच्या. जॅकलिन पिअर्स दोन्हींत आहे, रिपर दोन्हींत आहे. अशा ठिकाणी ज्याला समजवायला वेळ लागत नाही आणि जो दोन वाक्यांत माणूस उभा करतो, तो नट सोन्याहून मोलाचा.

‘द रेप्टाइल’मध्ये जॅकलिन पिअर्सची ॲना सतार वाजवते. तिच्या घरावर हुकूम चालवणारा मलाय नोकर झालेला मार्न मेटलंड हा कोलकात्यात जन्मलेला. त्यालाही हॅमरने ‘पूर्वेकडचा’ हवा असला की बोलावलं. त्याचंही असंच काम कोणीतरी करायला हवं.

२ मार्च

आजची नोंद सगळ्यात महत्त्वाची.

दोन्ही चित्रपटांच्या वेळा एकाखाली एक लावल्या तेव्हा हे दिसलं. ‘द प्लेग ऑफ द झॉम्बीज’मध्ये सर जेम्स फोर्ब्ज (आंद्रे मोरेल) आणि तरुण डॉक्टर रात्री एक थडगं उकरत असतात. पोलीस सार्जंट स्विफ्ट त्यांना पकडतो. तो रिपर. शवपेटी उघडते, आत काही नाही, आणि पकडायला आलेला पोलीस त्यांच्या बाजूचा होतो. ‘द रेप्टाइल’मध्ये रात्री थडगं उकरणारा रिपर स्वतः आहे, हॅरीसोबत, टॉम बेली म्हणून. तोच नट, तेच वर्ष, तोच स्टुडिओ. एकदा कायदा होऊन कबरीशी आला, दुसऱ्यांदा फावडं घेऊन.

मग ‘कबर’ असा एक नवा रकाना टाकला आणि मागे गेलो. ‘द रिव्हेंज ऑफ फ्रँकेन्स्टाइन’ (१९५८): सुरुवातीलाच दोन प्रेतचोर बॅरन फ्रँकेन्स्टाइनची कबर उकरतात. एक लायोनेल जेफ्रीज, दुसरा रिपर. पेटीत भलताच माणूस निघतो, बॅरन जिवंत समोर उभा राहतो आणि रिपर धूम ठोकतो. ‘कॅप्टन क्लेग’ (१९६२): रॉम्नीच्या दलदलीतल्या तस्करांच्या गावात तो मिप्स नावाचा शवपेट्या बनवणारा सुतार.

मिप्सबद्दल वेगळं लिहायला हवं. बरेच लोक ही त्याची सगळ्यात मोठी आणि चांगली भूमिका मानतात. तक्ता पूर्ण व्हायच्या आधीच मी त्यांच्याशी सहमत आहे. गावचा धर्मोपदेशक, म्हणजे पीटर कुशिंग, हाच पूर्वीचा चाचा क्लेग, आणि मिप्स त्याचा जुना साथीदार. शेवटी क्लेग मरतो. मिप्स त्याचं प्रेत दोन्ही हातांवर उचलतो, चालत त्याच्या नावाच्या रिकाम्या कबरीपाशी नेतो आणि आत ठेवतो. रिपर उंचीने बेताचा, कुशिंग त्याच्याहून लांब. ओझं खरं दिसतं. वाक्य म्हणावं असं काही नाही, फक्त चेहरा. मी हे दृश्य वेळ टिपायला लावलं, आणि वेळ न टिपता तीनदा पाहिलं.

‘कॅप्टन क्लेग’ १९६२ मध्ये ‘द फँटम ऑफ द ऑपेरा’च्या जोडीने, एका तिकिटात दोन, असा लागला. ‘फँटम’मध्येही रिपर आहे, दोन घोडागाडीवाल्यांपैकी एक, दुसरा माइल्स मॅलेसन. काही क्षणांचं काम. म्हणजे त्या संध्याकाळी थिएटरात बसलेल्याने याला एकदा क्षणभर पाहिलं आणि एकदा अख्खा चित्रपट तोलून धरताना पाहिलं, आणि दोन्ही वेळा तो एकच माणूस आहे हे बहुतेकांच्या लक्षातही आलं नसेल.

९ मार्च

खानावळवाल्याच्या ओळीचा निकाल. तक्त्यात आतापर्यंत आलेल्या हॅमर भूमिकांत मद्यगृह किंवा खानावळ चालवणारे ठळक तीनच: ‘द रेप्टाइल’चा टॉम, ‘ड्रॅक्युला हॅज रिझन फ्रॉम द ग्रेव्ह’चा (१९६८) मॅक्स आणि ‘स्कार्स ऑफ ड्रॅक्युला’चा (१९७०) मालक. ‘द डेडली बीज’मध्येही तो मालक आहे, पण ती कंपनी वेगळी, ॲमिकस. बाकी ‘द ममी’त (१९५९) शिकारचोर, तो ममीला पाहतो आणि मद्यगृहात जाऊन सांगतो, म्हणजे गल्ल्याच्या अलीकडे, गिऱ्हाइकाच्या बाजूला. ‘द ब्राइड्स ऑफ ड्रॅक्युला’त (१९६०) गाडीवान, तरुणीला खानावळीत सोडून गाडी पळवतो. ‘टेस्ट द ब्लड ऑफ ड्रॅक्युला’त (१९७०) तपासाचा कंटाळा आलेला इन्स्पेक्टर कॉब.

मग ही ओळ का चिकटली असावी? माझं मत असं: खानावळ त्याच्या भोवती आहे, ती तो क्वचितच चालवतो. आणि जेव्हा चालवतो, तेव्हाच्या भूमिका लोकांच्या लक्षात राहिल्या. ‘स्कार्स’मधला मालक बिननावाचा आहे, पण त्याच्याकडे अख्खी गोष्ट आहे. सुरुवातीला तोच गावकऱ्यांना घेऊन किल्ला जाळायला जातो. परत येतो तो चर्चमध्ये ठेवलेल्या बायका मारल्या गेलेल्या असतात. त्यानंतर दारात आलेल्या प्रत्येक परक्याला तो हाकलतो. मधली दृश्यं गाळून पाहिली तर एक खडूस माणूस दिसतो. वेळनोंद लावून सलग पाहिलं की कळतं, हा तोच माणूस ज्याने एकदा धाडस केलं होतं आणि त्याची किंमत गावाने मोजली.

१६ मार्च

आज एक नकोशी नोंद. ‘द सीक्रेट ऑफ ब्लड आयलंड’मध्ये रिपर जपानी लेफ्टनंट आहे, चेहरा रंगवून, डोळे बदलून. पॅट्रिक वायमार्कही तसाच. युद्धकैद्यांची छावणी, क्रूर जपानी, आणि मुख्य जपानी इंग्लिश नट. पाहवत नाही. ही भूमिका गाळावी का, असं एका मित्राने विचारलं. गाळणार नाही. कारकीर्द नोंदवायची तर सगळी नोंदवायची. फक्त वेळ आणि वर्णन लिहिलं, आणि अभिनयाच्या रकान्यात स्पष्ट लिहिलं की इथे पाहण्यासारखं काही नाही. टोप्या-मिशांत न हरवणारा हा नट त्या रंगाखाली पुरता हरवला आहे.

२३ मार्च

लाँगबॅरो पूर्ण झाला. ‘द ममीज श्राउड’ हा ब्रेमध्ये बनलेला हॅमरचा शेवटचा चित्रपट, चित्रीकरण १९६६ चं. रिपर इथे एका घमेंडखोर धनिकाचा हाताखालचा माणूस आहे. सतत बोलणी खाणारा, डोळ्यांनी अधू, इंग्लंडला परत जायची आस लागलेला. ममी त्याला खिडकीतून फेकून देते. अशा चित्रपटांत मरणं मोजायला प्रेक्षक बसलेला असतो, पण या मरणाला हळहळ वाटते. चष्म्याविना चाचपडणाऱ्या लाँगबॅरोला समोर काय आहे ते नीट दिसतही नाही, आणि रिपर ती भीती ओरडून दाखवत नाही. १९५२ नंतर त्याला ओरडणं परवडणारही नव्हतं. त्याने ती मानेच्या आणि हातांच्या हालचालींत उतरवली. प्रणालीने ओळखलेला हा एकच चेहरा, तो उजेडात सलग पाहायला मिळतो, आणि नट म्हणून तो किती बारीक काम करायचा ते इथे कळतं. नव्याने सुरुवात करणाऱ्याने हा चित्रपट आधी नोंदवावा. ओळख पटते, मग अंधारातला रिपर शोधणं सोपं जातं.

३० मार्च

खर्चाचा हिशेब. डिस्का, ड्राइव्ह, टपाल आणि ग्रंथालयाच्या रेल्वेफेऱ्या मिळून शंभर पौंडांच्या पुढे गेलो. सॉफ्टवेअरला काही लागलं नाही. मित्रांकडून डिस्का उसन्या मिळाल्या नसत्या तर दुप्पट झाले असते. सगळ्यात जास्त वेळ खाल्ला तो २४-२५ च्या घोळाने. दुसऱ्या नंबरवर चेहरे ओळखण्याचा प्रयोग.

तक्त्याची अंतिम मांडणी अशी: चित्रपट, वर्ष, दिग्दर्शक, पात्र, धंदा, प्रत, चौकटींचा वेग, शून्यापासून आत आणि बाहेर (२४ मध्ये बदलून), चेहरा दिसतो, दृश्यात आहे, समोर कोण, जागा, कबर, खात्री. ‘धंदा’ रकाना आधी नव्हता. तो टाकल्यावर निम्मी उत्तरं आपोआप मिळाली, तेव्हा पहिल्या दिवसापासून ठेवावा.

बाकी राहिलेलं: हॅमरच्या १९४८ च्या ‘डार्क रोड’ची धड प्रत अजून मिळालेली नाही. सेंट ट्रिनियन्सच्या विनोदी चित्रपटांत तो शिक्षण खात्याचा लिफ्टमन आहे, तो वेगळ्या पानावर. आणि १९७८ ते १९८३ चालू असलेली बीबीसीची ‘बटरफ्लाइज’ मालिका, जिच्यात तो थॉमस नावाचा शोफर झाला. ब्रिटनमधल्या घराघरात लोकांनी त्याचा चेहरा ओळखला तो या शोफरमुळे. तेव्हा त्याने पासष्टी गाठली होती. त्या मालिकेचे संच दुकानांत अधूनमधून दिसतात. मिळाला की एप्रिलमध्ये शोफरची वेळनोंद सुरू करतो. टीव्हीवरचं काम २५ चंच असल्यामुळे तिथे गुणाकाराची गरज नाही.